घरटी एक मत

निवडणूक लोकसभेची असली की आपल्याकडच्या घरांत चर्चा होते, विधानसभेची असली की वाद होतो आणि ग्रामपंचायतीची असली की भांडण होते. कारण उघड आहे. दिल्लीचा उमेदवार आपल्याला भिंतीवरच्या चित्रात भेटतो. गावचा उमेदवार मात्र भावकीतला असतो, बांधाला बांध लागून असतो, आणि गेल्या उन्हाळ्यात त्याच्याच विहिरीवरून आपण पाणी आणलेले असते. त्यामुळे 'मत कोणाला?' हा प्रश्न चावडीवर न थांबता थेट चुलीपर्यंत येऊन ठेपतो. आणि चुलीपाशी बसलेल्या बाईलाही एक मत आहे, याची आठवण घरातल्या कर्त्या पुरुषाला नेमकी त्याच वेळी होते. तोवर तो पारावर बसून "आपल्या घरची सहा मतं पक्की" असे छातीठोकपणे सांगून आलेला असतो. त्या सहांपैकी चौघांना त्याने विचारलेलेही नसते!

या हिशेबाला मी 'घरटी एक मत' असे नाव दिले आहे. गावजेवणाचे आवतण जसे 'घरटी एक माणूस' असे येते, त्याच चालीवर आपण लोकशाहीलाही जेवायला बोलावले आहे. एकदा कर्ता माणूस पानावर जाऊन बसला की घर जेवले असे समजायचे. कायदा मात्र तसे समजत नाही. कायदा डोकी मोजतो. कायद्याचे गणित आणि घरचे गणित जुळत नाही, तेव्हा जे भांडण उभे राहते ते पाहताना हसू येते हे खरे. पण हसून झाल्यावर त्याचा थोडा विचारही करावा, एवढाच या लेखाचा हेतू आहे.

आधी या हसण्याची वंशावळ पाहू. स्त्रियांनी राजकारणात पडणे हा विनोदाचा विषय आजचा नाही. ग्रीक नाटककार अरिस्टोफेनीस याने इसवी सनापूर्वी ३९१ च्या सुमारास एक सुखान्त नाटक लिहिले. त्यात अथेन्सच्या बायका पहाटे अंधारात उठतात, नवऱ्यांचे कपडे चढवतात, खोट्या दाढ्या लावतात आणि नगरसभेत जाऊन बसतात. बहुमताने ठराव करून त्या राज्य आपल्या ताब्यात घेतात. इकडे नायिकेचा नवरा जागा होतो, तर त्याचे कपडे जागेवर नाहीत. शेवटी तो बिचारा बायकोचे वस्त्र गुंडाळून रस्त्यावर येतो. प्रेक्षक त्या वेळी पोट धरून हसले असतील. आजही हसतील. कारण अथेन्सच्या त्या थोर लोकशाहीत स्त्रीला मत नव्हतेच. तिला सभेत जायचे तर दाढी लावूनच जावे लागले असते.

आपली मराठी रंगभूमीही या बाबतीत मागे नाही. पुण्यात मुलींसाठी हायस्कूल निघाले १८८४ साली, आणि त्यानंतर दोनच वर्षांत, म्हणजे १८८६ च्या सुमारास, नारायण बापूजी कानिटकर यांचे 'तरुणी शिक्षण नाटिका' हे नाटक आले. शिकलेली बाई घर कसे बुडवते, हे दाखवण्याचा त्याचा रोख होता. मुली शाळेत नीट बसल्याही नव्हत्या, तोच त्यांची टिंगल रंगमंचावर येऊन बसली! मुद्दा असा, की एखादा हक्क नाकारण्याचे बळ कमी पडू लागले की माणसे त्याला हसू लागतात. हसणे हा नकाराचा शेवटचा आणि सर्वांत गोड मार्ग आहे.

स्त्रियांच्या मताविरुद्ध जो युक्तिवाद जगभर केला गेला, तो तसा मोठा सुबक होता. तो असा: बायको नवऱ्यासारखेच मत देणार असेल, तर एकच मत दोनदा मोजण्याचा खटाटोप कशाला? आणि ती वेगळे मत देणार असेल, तर घरात कलह माजेल; मग तो कशाला? इकडे आड, तिकडे विहीर! ऐकायला हे बिनतोड वाटते. पण नीट पाहिले तर यात एक गंमत आहे. दोन्ही बाजूंनी हिशेब नवऱ्याचाच आहे. पहिल्या शक्यतेत त्याचे मत दुप्पट होते, दुसऱ्या शक्यतेत त्याची झोप मोडते. बाईला स्वतःला गावच्या पाण्याविषयी, रस्त्याविषयी, शाळेविषयी काही वाटते की काय, हा प्रश्न या युक्तिवादाला सुचलेलाच नाही.

हा युक्तिवाद कायद्याच्या पुस्तकात शिरला तेव्हा काय काय प्रकार घडले, ते पाहण्यासारखे आहे. इंग्लंडमध्ये १८६९ साली कर भरणाऱ्या स्त्रियांना नगरपालिकेच्या निवडणुकीत मत मिळाले. पार्लमेंटचे मत मिळायला अजून जवळजवळ पन्नास वर्षे होती. पण गटारे, दिवाबत्ती आणि रस्ते म्हणजे मोठ्या प्रमाणावरचे घरकामच, तेव्हा त्यात बाईने लक्ष घालायला हरकत नाही, असा विचार पुढे तिथे पुष्कळांनी मांडला. पण १८७२ साली न्यायालयात प्रश्न आला, की मतदार स्त्रीने लग्न केले तर? निकाल असा झाला, की लग्न झालेल्या स्त्रीला हे मत नाही; कारण कायद्याच्या दृष्टीने तिचे स्वतंत्र अस्तित्व नवऱ्यात विलीन झालेले. म्हणजे कुमारिकेला मत, विधवेला मत, आणि सौभाग्यवतीला मात्र नाही! मंगळाष्टके संपली की मतही संपले. विवाहित स्त्रियांना स्थानिक निवडणुकांचे दार उघडायला १८९४ चा कायदा यावा लागला.

आता आपल्याकडे या. इथे गंगा उलटी वाहिली. १९१७ च्या डिसेंबरात सरोजिनी नायडूंच्या नेतृत्वाखाली स्त्रियांचे शिष्टमंडळ मद्रासला भारतमंत्री माँटेग्यू यांना भेटले आणि त्यांनी पुरुषांच्या बरोबरीने मताधिकार मागितला. साउथबरो समितीने मात्र 'समाज अजून तयार नाही' या अर्थाचे कारण देऊन तो नाकारला. १९१९ च्या कायद्याने हा प्रश्न प्रांतांवर सोपवला. आणि मद्रास व मुंबई या दोन प्रांतांच्या कायदेमंडळांनी १९२१ मध्ये स्त्रियांना मत देण्याचा ठराव केला. समाज तयार आहे की नाही, हे लंडनपेक्षा मुंबईला अधिक कळत होते असे म्हणायचे! परंतु हे मत मालमत्तेवर होते, आणि मालमत्ता बाईच्या नावावर असतेच कुठे? म्हणून १९३५ च्या कायद्याने एक तोड काढली. ज्याला मालमत्तेमुळे मत आहे, त्याच्या पत्नीलाही मत द्यावे. म्हणजे तिकडे लग्नाने मत गेले होते, इकडे लग्नाने मत आले. एकीकडे कुंकू लावल्यावर मत पुसले, दुसरीकडे कुंकवाच्या जोरावर मत मिळाले. दिशा उलट, पण तत्त्व एकच: बाईची मोजदाद नवऱ्याच्या हिशेबात.

हे तत्त्व मोडले ते स्वतंत्र भारताच्या घटनेने. १९५० साली एका फटक्यात मालमत्ता, शिक्षण, लग्न या साऱ्या अटी रद्द झाल्या. एकवीस वर्षे पूर्ण झालेला प्रत्येक स्त्रीपुरुष मतदार झाला. (पुढे १९८९ पासून ही अट अठरावर आली, म्हणूनच तर आपण कॉलेजकुमार आणि कॉलेजकन्यका आज मतदार आहोत!) पण कायदा एका फटक्यात बदलतो, घर बदलत नाही. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीसाठी मतदारयाद्या करायला माणसे दारोदार गेली, तेव्हा उत्तरेकडच्या राज्यांत लाखो स्त्रियांनी आपले नावच सांगितले नाही. अमक्याची बायको, तमक्याची आई, एवढीच ओळख त्यांनी दिली. मुख्य निवडणूक आयुक्त सुकुमार सेन यांनी हट्ट धरला, की मतदार म्हणजे स्वतःचे नाव असलेली व्यक्ती. 'अमक्याची बायको' हे नाव नव्हे. अखेर सुमारे २८ लाख स्त्रियांची नावे यादीतून गळाली. मत होते, मतदारही होती. फक्त तिला नाव नव्हते.

आपण मराठी माणसांनी यावर फार हसू नये. आपल्याकडे नवरी बोहल्यावरून उतरते ती ताटातल्या तांदळांत अंगठीने लिहिलेले नवे नाव घेऊन. नवऱ्याचे नाव तिने उखाण्यात गुंफून, लाजत घ्यायचे. तिचे माहेरचे नाव मात्र कोणी साध्या गद्यातही घ्यायचे नाही. पुढे ती कोणाची तरी सून, कोणाची तरी वहिनी आणि शेवटी 'बंड्याची आई' होते. मतदारयादी हा गावातला असा एक विरळा कागद आहे, जिथे तिला तिचा स्वतःचा अनुक्रमांक असतो.

आणि एवढ्यावरही कोणाला वाटत असेल की हा सारा मागासलेल्या मुलखांचा प्रकार, तर त्याने युरोपातल्या श्रीमंत, सुशिक्षित स्वित्झर्लंडकडे पाहावे. तिथे राष्ट्रीय निवडणुकांत स्त्रियांना मत मिळाले ते ७ फेब्रुवारी १९७१ रोजी. म्हणजे आपल्याकडे स्त्रिया पाचव्या लोकसभेसाठी मत द्यायच्या तयारीत होत्या त्या सुमारास! १९५९ मध्ये तिथल्या पुरुषांनी मतदान करून ही मागणी एकदा फेटाळलेली होती. त्याहून मौज पुढे आहे. आपेंझेल इनररोडन नावाच्या तिथल्या एका चिमुकल्या प्रांतात स्थानिक कारभाराचे निर्णय मोकळ्या चौकात होतात. वर्षातून एकदा सारे मतदार जमतात आणि हात वर करून मत देतात. पुरुष कमरेला वडिलोपार्जित तलवार लावून येतात. ती तलवार हाच त्यांचा मतदार असल्याचा दाखला. या चौकात २९ एप्रिल १९९० रोजी पुरुषांनी पुन्हा एकदा स्त्रियांना मत नाकारले. अखेर त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात देशाच्या सर्वोच्च न्यायालयाने हस्तक्षेप केला, आणि १९९१ साली त्या चौकात बायका उभ्या राहिल्या.

त्या दिवशी नकाराचे हात वर करणाऱ्या पुरुषांच्या घरी संध्याकाळी जेवणाच्या टेबलावर काय झाले असेल, याची कल्पना करून मला हसू आवरत नाही. पण मला यातली खरी महत्त्वाची गोष्ट वाटते ती वर केलेल्या हाताची. उघड्या चौकात हात वर करायचा म्हणजे शेजारी बघतो, सासरा बघतो, सावकार बघतो. पुरुषालादेखील तिथे बायकोच्या बाजूने हात वर करायला छाती लागते. आपल्याकडे मात्र मत गुप्त आहे. त्या पुठ्ठ्याच्या आडोशामागे बाई एकटी असते. लग्न झाल्यापासून कदाचित पहिल्यांदाच एकटी! तिथे तिच्या हातून काय झाले हे विचारण्याचा अधिकार नवऱ्याला नाही, सासूला नाही, सरकारलाही नाही. माझ्या मते हे गुप्त मत हीच आपल्या लोकशाहीने बाईला दिलेली सर्वांत मोठी वस्तू आहे. नुसत्या मतापेक्षाही मोठी.

हे विधान पुस्तकी वाटू नये म्हणून आमच्या घरची एक हकिकत सांगते.

महाराष्ट्रात २००८ च्या शासन आदेशाने एक तरतूद आहे. गावातल्या पंचवीस टक्के महिला मतदारांनी सह्या करून मागणी केली, तर गावच्या परवानाधारक दारूच्या दुकानाविषयी मतदान घेतले जाते. मतपत्रिकेवर दोन चित्रे: एक उभी बाटली, एक आडवी बाटली. दुकान राहावे असे वाटणाऱ्याने उभीवर शिक्का मारायचा, बंद व्हावे असे वाटणाऱ्याने आडवीवर. मात्र यात एक मेख आहे. नुसते झालेल्या मतांत बहुमत मिळून भागत नाही. गावच्या यादीत नोंदलेल्या एकूण महिला मतदारांपैकी निम्म्याहून अधिक मते आडवीला पडावी लागतात. म्हणजे जी बाई मतदानाला आलीच नाही, ती घरी बसल्या बसल्या उभ्या बाटलीला हातभार लावते.

आमच्या गावात हे मतदान झाले २०१८ साली. मी तेव्हा सातवीत होते. देशी दारूचे दुकान ज्या गाळ्यात होते तो गाळा आमच्या थोरल्या चुलत्यांचा, म्हणजे अण्णांचा. दर महिन्याला गाळ्याचे भाडे घरात यायचे, आणि धाकट्या काकांची निम्मी कमाई त्याच गाळ्यात जायची. धाकटी काकू जमेल तेवढे पैसे ज्वारीच्या कणगीत खुपसून ठेवायची, आणि काका रात्री ज्वारी उपसत बसायचे. घराचा जमाखर्च असा एकाच दारातून चालला होता.

सह्यांचा कागद फिरला तेव्हा आमच्या घरातून कोणीही सही केली नाही. सही उघड असते. अण्णा निश्चिंत झाले. घरात चार महिला मतदार: आजी, थोरली काकू, माझी आई आणि धाकटी काकू. "आपली चार उभी," असे अण्णांनी स्टँडवर जाहीर करून टाकले. तरीही मेख त्यांना ठाऊक होती. म्हणून मतदानाच्या आदल्या दिवशी त्यांनी अचानक घोषणा केली, "उद्या पहाटे सहाला जीप सांगितलीया. समद्या जणी तुळजापूरला जाऊन या." लग्नाला तीस वर्षे झाली तरी थोरल्या काकूला ज्यांनी कधी जत्रेला नेले नव्हते, त्यांना एकाएकी भवानीमाता आठवली! त्या दिवशी गावातल्या आणखी चार-पाच घरांतल्या पुरुषांनाही असाच दृष्टान्त झाल्याचे नंतर कळले.

आजीने नाही म्हटले नाही. देवीला नाही कसे म्हणायचे? ती फक्त पहाटे उठून डाळ शिजवायला बसली. "देवीला पुरणाचा निवद न्यायचा न्हाई व्हय?" पुरण म्हणजे काही पोहे नव्हेत. डाळ शिजली, वाटली, कणीक तिंबली, पोळ्या झाल्या. जीपवाला बाहेर हॉर्न वाजवून वाजवून थकला. साडेआठ वाजले. अण्णा येरझाऱ्या घालत होते. पण नैवेद्याला 'लवकर उरका' म्हणण्याची कोणाची छाती आहे? अखेर जीप निघाली. मी आजीच्या मांडीवर दाटीवाटीने बसले होते. वाटेत शाळा लागली, आणि शाळेतच मतदान होते. आजी म्हणाली, "थांब रं बाबा जरा. नळावर तांब्या भरून घेती." ती उतरली. मागोमाग थोरली काकू उतरली, आई उतरली, धाकटी काकू उतरली. एक तांब्या भरायला चार बायका आणि पाऊण तास लागला. जीपवाल्याने दोन विड्या ओढल्या आणि तो काही बोलला नाही. नंतर कळले की त्याची आईदेखील त्याच रांगेत होती.

आम्ही तुळजापूरला गेलो. अण्णांच्या पैशाने देवीचे दर्शन उत्तम झाले. आणि गावात बाटली आडवी झाली. निम्म्याहून थोडीच मते जास्त पडली, पण पडली.

त्या रात्री अण्णांनी चुलीपुढे चौकशी आयोग बसवला. आजी म्हणाली, "मला म्हातारीला कुठलं चित्र दिसतंय? मधीच कुठंतरी हाणला शिक्का." थोरली काकू म्हणाली, "तुम्ही सांगितलं तिथंच." आई म्हणाली, "मी पण." धाटकी काकू म्हणायच्या ऐवजी नुसती मान हलवत भाकरी थापत राहिली. चारही मते उभी! मग गावभर तपास झाला. ज्याच्या त्याच्या घरची मते उभीच. गावातल्या झाडून साऱ्या पुरुषांच्या घरच्या बायकांनी उभ्या बाटलीला मत दिले होते, आणि बाटली मात्र आडवी पडली होती! अण्णा तीन दिवस जेवणाच्या वेळी कोणाशी बोलले नाहीत. चौथ्या दिवशी त्यांनी गाळा पिठाच्या गिरणीला दिला.

आता कोणी म्हणेल, दारू सुटली का? मी तसे म्हणणार नाही. धाकटे काका शेजारच्या गावाला जाऊ लागले. पण तिथे जायला एस. टी. लागते, एस. टी.ला तिकीट लागते, आणि शेवटची गाडी चुकली तर पायी यावे लागते. त्यामुळे आठवड्यातले काही दिवस तरी ज्वारीच्या कणगीत हात गेला नाही. मताने जग बदलत नाही. पण काही दिवस बदलतात. ज्या घरात ते दिवस मोजावे लागतात, त्या घराला विचारा त्यांची किंमत.

हकिकत गमतीची म्हणून मी ती बऱ्याच जणांना सांगितली. ऐकणारे हसतात, आणि मग दोन प्रकारचे आक्षेप घेतात. पहिला आक्षेप: 'म्हणजे बायकांनी घरात खोटे बोलायचे का?' हा आक्षेप मला खरोखर टोचतो. ज्या घरात आपले मत सांगण्यापेक्षा लपवणे सोयीचे, तिथे स्वातंत्र्य ओसरीपर्यंतच आले आहे, माजघरात नाही, हे मान्य केले पाहिजे. पण खोटे बोलण्याचा दोष बोलणारीचा की विचारणाऱ्याचा? मत गुप्त ठेवण्याचा अधिकार ज्याला आहे त्याला 'कोणाला दिलेस?' असे दरडावून विचारणे, हाच मुळात अपराध. तिथे जे उत्तर मिळते ते खोटे नसते. ती दाराला लावलेली कडी असते.

दुसरा आक्षेप विद्वानांचा. ते म्हणतात, 'आपल्याकडच्या बायका शेवटी नवऱ्याच्याच सांगण्यावरून मत देतात. तेव्हा हे सारे कौतुक व्यर्थ आहे.' क्षणभर हे खरे धरू. पण मग पुरुष कोणाच्या सांगण्यावरून मत देतात? भावकीच्या, जातीच्या, सोसायटीच्या चेअरमनच्या, साखर कारखान्याच्या संचालकाच्या! त्यांचे मत परावलंबी आहे म्हणून ते काढून घ्या, असे कोणी म्हटल्याचे ऐकिवात नाही. पुरुषाने दुसऱ्याचे ऐकले तर ते राजकारण, आणि बाईने ऐकले तर ते अज्ञान, हा न्याय कोणत्या गावचा?

या आक्षेपाला एक मात्र सबळ आधार आहे, तो नाकारून चालणार नाही. ७३ वी घटनादुरुस्ती १९९३ साली अमलात आली आणि पंचायतीतल्या एकतृतीयांश जागा स्त्रियांसाठी राखून ठेवण्यात आल्या. महाराष्ट्राने २०११ मध्ये हे प्रमाण निम्म्यावर नेले. त्याबरोबर 'सरपंचपती' नावाचे एक नवे पद, जे कोणत्याही कायद्यात नाही, ते गावोगाव निर्माण झाले. बाई खुर्चीवर आणि पती खुर्चीच्या पाठीवर! बाई सही करते, पती बोलतो. ही जुन्याच 'घरटी एक मत' या तत्त्वाची सुधारून वाढवलेली आवृत्ती आहे. पण यातून निघणारा निष्कर्ष 'बाईला खुर्ची देऊ नये' हा नाही. नवऱ्याला दुसरी खुर्ची देऊ नये, हा आहे. शिवाय मत आणि पद यांत एक फरक आहे. खुर्चीमागे उभे राहता येते. मतदानाच्या आडोशामागे कोणाला उभे राहता येत नाही. म्हणून पद अजून पुष्कळ ठिकाणी उसने आहे, पण मत तिचे स्वतःचे होऊ लागले आहे. सुरुवात नेहमी अशी लहान जागेतूनच होते.

म्हणून घरातल्या या भांडणांना आपण घाबरू नये असे माझे स्पष्ट मत आहे. 'स्त्रीला मत दिले तर घरात कलह माजेल' असे भाकीत करणारे लोक चुकीचे नव्हते. कलह माजला! फक्त त्याने घरे मोडली नाहीत. पुरणपोळ्या झाल्या, देवदर्शन झाले, दाराशी गिरणी आली. ज्या घरात मतावरून कधीच भांडण होत नाही, त्या घरात दोनच शक्यता असतात: एक तर सारे खरोखर एकमताचे आहेत, किंवा मत एकालाच आहे. पहिली शक्यता देवाच्या घरी असेल. माणसांच्या घरी बहुधा दुसरीच असते.

आता शेवटी माझ्या बंधुभगिनींना दोन शब्द. मित्रांनो, उद्या तुम्ही घरातले कर्ते व्हाल. पारावर कोणी विचारले, 'तुमच्या घरची मते किती?' तर आकडा सांगायच्या आधी एवढेच म्हणून पाहा, 'माझे एक आहे; बाकीच्यांचे त्यांना विचारा.' पहिल्यांदा लोक हसतील. हसू देत. आणि मैत्रिणींनो, अठरा वर्षे पूर्ण झालेल्या आपल्यापैकी कितीजणींचे नाव यादीत आहे? परीक्षेचा फॉर्म भरण्यात आपण जेवढी दक्षता घेतो तेवढी या फॉर्मसाठी घेतो का? लग्नानंतर गाव बदलेल, आडनाव बदलेल, ताटातल्या तांदळांत कदाचित नावही बदलेल. पण नव्या गावच्या यादीत आपली नोंद झाली की नाही हे आपणच जाऊन पाहिले पाहिजे. रूखवतात भांडीकुंडी कोणीही मांडून देईल, मतदारयादीतले नाव कोणी मांडून देत नाही. ज्या २८ लाख बायकांना नाव सांगता आले नाही, त्यांना निदान तसा रिवाज आडवा आला होता. आपल्याला काय आडवे येते आहे?

चूल घरटी एक असावी. त्यात बरकत आहे. मत मात्र माणशी एकच असावे, आणि ज्याचे त्याने स्वतःच द्यावे. त्यावरून चूल थोडी धुमसली तरी बेहत्तर!